मेलेल्याचा आवाज गायचा नाही

गुरुवार

शेडी फोर्कच्या खाणवस्तीत गाणं शिकवायचे वार ठरलेले होते. सोमवारी वरचा आवाज, मंगळवारी पुढचा, बुधवारी मधला, गुरुवारी खालचा. शुक्रवारी कोणी तोंड उघडायचं नाही. शनिवारी चौघं एकत्र. आयसम ट्रेडवेल खालचा आवाज गायचा, तेव्हा त्याची गोष्ट गुरुवारपासूनच सुरू व्हायला हवी. सोमवार मागून येईल.

त्या गुरुवारी डॉक्टरने त्याच्या छातीचा फोटो उजेडावर धरून दाखवला. काळ्यावर पांढरे ठिपके, जसं कोणी पिठाचा हात झटकला असावा. आयसमने एकतीस वर्षं कोळसा काढला होता, त्यामुळे आत काय साठलंय हे त्याला फोटोवाचूनही ठाऊक होतं. डॉक्टर गोरा होता, पोरसवदा होता, आणि बोलताना एकदाही घड्याळाकडे बघत नव्हता. त्यावरूनच आयसम समजला. त्याने एवढंच विचारून घेतलं, ख्रिसमस की ईस्टर? डॉक्टर म्हणाला, ख्रिसमसचं बघू.

बर्मिंगहॅमहून बेसेमरला परतणाऱ्या बसमध्ये तो खिडकीशी बसला. सन त्र्याऐंशीचा ऑक्टोबर होता. चौऱ्याहत्तर वर्षांच्या माणसाला मरणाचं काय एवढं, असं त्याने स्वतःला दोनदा सांगितलं आणि ते त्याला बऱ्यापैकी पटलंही. पटत नव्हतं ते दुसरंच. आता गाणार कोण?

ते गाणं कुठलं, हे सांगायला हवं.

चौतीस सालापासून ते चौघं शेडी फोर्क फोर या नावाने गात होते. वरचा आवाज रोडेल मीक्स, पुढचा जूनियस क्रेन्शॉ, मधला एल्बर्ट टॉलिव्हर, खालचा आयसम. चौघंही काळे, चौघंही खाणीतले. त्यांना शिकवलं ग्रँडिसन मास्तरने. मास्तर लोखंडाच्या भट्टीवर कामाला होता, त्याला अक्षर येत नव्हतं, स्वरलिपी तर नाहीच. पण चारही आवाज त्याच्या डोक्यात वेगवेगळे उभे असत. वस्तीच्या न्हाणीघरात तो एकेकाला एकट्याला बोलावी आणि त्याचा तेवढा आवाज त्याच्या कानात ओती. दुसऱ्याचा आवाज शिकायचा नाही, गुणगुणायचा नाही, शक्यतो ऐकायचाही नाही. मास्तर म्हणे, दुसऱ्याच्या घरात डोकावणारा आपलं घर पाडून घेतो. आयसमने हे इतकं मनावर घेतलं की शनिवारी एकत्र उभं राहिल्यावर तो डाव्या कानात बोट घालून गाई. डाव्या बाजूला एल्बर्ट असायचा.

तेव्हा त्या भागात अशा चौकड्या ढिगाने होत्या. प्रत्येक खाणीची एक, प्रत्येक भट्टीची एक. स्पर्धा होत, परगावचे परीक्षक येत. ते ताल, मेळ आणि उच्चार बघत, बाकी काही नाही. वाद्य नाही. पाय हलवायचे नाहीत. रविवारी सकाळी सव्वासातला रेडिओवर पंधरा मिनिटं मिळत, तीही थेट, त्यातलं काही उरलं नाही. एकदा उत्तरेकडून रेकॉर्डवाला आला. त्याला गिटार हवी होती, आणि गाता गाता बाकांमधून धावणारा, गुडघ्यावर पडणारा माणूस हवा होता. जूनियस म्हणाला, आम्ही देवासमोर उभे राहतो, पडत नाही. रेकॉर्डवाला दुसऱ्या चौकडीला घेऊन गेला.

पण हे गाणं रेडिओवर कधीच गायलं गेलं नाही, स्पर्धेतही नाही. ते फक्त शवपेटीसमोरचं. वस्तीत माणूस मेला की चौघं जाऊन ते गात. मास्तरने ते स्वतः रचलं होतं आणि त्याला एक नियम लावला होता. आपल्यातला कोणी गेला तर राहिलेल्यांनी गायचं, पण गेलेल्याचा आवाज गायचा नाही. त्याची जागा रांगेत मोकळी ठेवायची आणि गाण्यातही मोकळी ठेवायची. काय गेलं ते लोकांना कानाने कळू दे, बाकीचं पाळक बोलेलच.

अठ्ठावन्न साली एल्बर्ट गेला. तिघं गायले. एकोणसत्तरला रोडेल. दोघं गायले. सत्त्याहत्तरला जूनियस. आयसम एकटा उभा राहिला.

आता आयसमच्या वेळी खालचा आवाज मुका राहायला हवा आणि वरचे तिन्ही ऐकू यायला हवेत. ज्याची शवपेटी त्याचाच आवाज मुका, नियम त्याने असाच धरला होता. आणि ते तिन्ही आयसमला येत नव्हते. त्याला एकच आवाज येत होता. जो गायचा नव्हता तो.

बेसेमरचा थांबा आला तरी तो उठला नाही. चालकाने मागे वळून विचारलं, आजोबा, उतरायचंय की राहायलाच आलात? तेव्हा तो उतरला. उतरताना त्याने ठरवलं होतं. तिघं गेले, पण तिघांची घरं होती. घरातल्यांच्या कानात काहीतरी राहिलं असेल. आपण आता नाही ही गोष्ट एकदा तरी सगळ्या चर्चला ऐकू यावी, एवढीच त्याची इच्छा होती. ही फार मोठी मागणी आहे असं त्याला वाटलं नाही.

शुक्रवार

सोमवार

रोडेलची बायको ओझेला अजून त्याच घरात राहत होती. स्वयंपाकघरात पातेलंभर शेंगा मिठाच्या पाण्यात उकडत होत्या आणि ती टेबलाशी बसून भाजीची पानं देठांपासून ओरबाडत होती. आयसम आला तसं तिने वर न बघता पायाने खुर्ची पुढे सरकवली.

"बस. दम लागलाय तुला. अंगणातून आलास की मोंटगोमेरीहून?"

तो बसला. दम खाऊन त्याने विचारलं, रोडेल घरी गायचा का.

गायचा का? ओझेलाने पान खाली ठेवलं. रोज सकाळी दाढी करताना गायचा. तोंडाला फेस, हातात वस्तरा आणि वर छताकडे तोंड करून हंबरडा. चाळीस वर्षं तिने एकाच दारामागून तेच ऐकलं होतं. एकदा उंच स्वरावर गळ्याला कापून घेतलं होतं त्याने, रक्ताने बनियन भिजलं, तरी ओळ पुरी केल्याशिवाय थांबला नव्हता. ती बरंच बोलली. आयसम वाट बघत राहिला. शेवटी तिला कळलं की हा गप्पा मारायला आलेला नाही.

"कुठलं हवंय?"

"पेटीसमोरचं."

ओझेला उठली. तिने पातेल्यावर झाकण टाकलं, हात पुसले, आणि पाठमोरी उभी राहूनच सुरू केलं. तिचा आवाज आता जुन्या फळीसारखा करकरत होता, पण चाल एक केसभरही हलली नव्हती. आयसमने न ठरवता खालून आपला आवाज लावला. डूम. डूम डूम. तिने मान वळवून त्याच्याकडे बघितलं आणि गात राहिली. पूर्ण गाणं झालं. एकदा. मध्ये कुठेही अडलं नाही. शेंगांचं पाणी उतू जाऊन चुलीवर चरचरलं तरी दोघांपैकी कोणी तिकडे गेलं नाही.

गाणं संपलं. दुसऱ्या ओळीला आपण सगळ्यात खाली उतरतो त्याच क्षणी रोडेल सगळ्यात वर चढत होता, हे त्याला आज कळत होतं. पस्तीस वर्षं ते दोघं त्या जागेवर एकमेकांपासून दूर दूर जात होते आणि त्याला पत्ता नव्हता.

हे त्याने ओझेलाला सांगितलं. तिला पटेना.

"एकाच रांगेत उभं राहून तू त्याला कधी ऐकलंच नाहीस?"

"ऐकायचं नव्हतं."

"मग तुम्ही चौघं गात होतात की चार भिंती उभ्या होत्या?"

 मग त्याने डॉक्टरचं सांगितलं, ख्रिसमसचं, आणि आपल्याला काय हवंय तेही. ओझेला खाली बसली. तिने एक पान उचललं, त्याचा देठ काढला, मग दुसरं. तीन पानं झाल्यावर म्हणाली, "म्हणजे यंदाचं हॅम कापायला मला दुसरा माणूस शोधायला लागणार. तू कापायचास तेही काही बरं नव्हतंच. जाड."

तो हसला, आणि हसल्यामुळे त्याला खोकला आला, आणि तो खोकला फार वेळ चालला. ओझेलाने तोंड फिरवलं नाही. खोकला थांबल्यावर तिने त्याच्यापुढे शेंगांची वाटी ठेवली आणि सांगितलं, रोडेलचं मी गाईन. बाकीचं तू बघ.

मंगळवार

जूनियसची मुलगी क्लॉडीन चर्चचा गायकवृंद बसवायची. मंगळवारी संध्याकाळी तालीम असे. आयसम शेवटच्या बाकावर जाऊन बसला. जांभळे झगे खुंट्यांवर टांगलेले होते, चाळीसेक माणसं डुलत, टाळ्या देत होती, ड्रम होते, ऑर्गन होता, आणि आवाज इतका होता की बाकाची फळी त्याच्या मांडीखाली थरथरत होती. वाईट नव्हतं ते. चांगलंच होतं. फक्त त्यात एक माणूस कमी झाला असता तर देवालाही मोजून बघावं लागलं असतं.

तालमीनंतर क्लॉडीन त्याच्याशेजारी येऊन बसली. पन्नाशीची बाई, बापाचंच कपाळ. त्याने सांगितलेलं तिने ऐकून घेतलं. आजाराचं ऐकून त्याच्या हातावर हात ठेवला. गाण्याचं ऐकल्यावर तो काढून घेतला.

तिला बापाचा आवाज पूर्ण येत होता, शब्दांसकट. तिने तिथल्या तिथे हलक्याने म्हणून दाखवलं. आयसमला वाटलं, आहे, आहे; मग ओळीच्या शेवटी तिने स्वराला एक वळसा दिला, त्यावर आणखी एक, आणि जूनियस तिथून निघून गेला. त्याने नम्रपणे सांगितलं की हे एवढं नको. तुझा बाप सरळ गायचा, पाय जमिनीला खिळे मारल्यासारखे ठेवून.

"हो. आणि म्हणून रेकॉर्डवाला दुसऱ्यांना घेऊन गेला," क्लॉडीन म्हणाली. "आणि म्हणून बाबा खाण सुटल्यावर साठाव्या वर्षापर्यंत शाळेत फरश्या पुसत होते. पाय खिळलेले ठेवून."

आयसमने मांडीवरची टोपी उचलली.

"एक विचारू, अंकल आयसम? बाबांच्या वेळी तुम्ही एकटे उभे राहिलात. आठवतंय? डूम, डूम, डूम. पाच मिनिटं. माझ्या बापाच्या पेटीसमोर. मागे पोरं हसत होती. पाळकांना वाटलं तुम्हाला काही झालंय. मी पुढच्या बाकावर होते. मला तुमचं थोबाड फोडावंसं वाटलं होतं."

"नियम होता, पोरी."

"नियम माहीत असलेला एक तरी माणूस होता का चर्चमध्ये? तुमच्याशिवाय?"

तिने झग्यांकडे बघितलं, मग दाराकडे. कोणीतरी ड्रमवर कापड टाकत होतं. आयसम उठायला लागला. टोपी घातली. तेवढ्यात ती म्हणाली की बाबांचा आवाज ती गाईल, सरळ गाईल, वळसे घेणार नाही. शनिवारी दुपारी दोनला तिच्या घरी पियानोपाशी जमायचं. पण मधल्या आवाजाचं काय, असं तिने विचारलं. आयसम म्हणाला, एल्बर्टची बायको आहे अजून. उद्या बुधवार आहे.

बुधवार

एल्बर्टची बायको व्हर्नीस भाचीकडे असे. डोळे गेलेले, डोकं शाबूत. भाचीने आयसमला ओसरीवर नेलं, दुसरी खुर्ची दिली आणि आत गेली.

एल्बर्ट दाढी करताना गायचा का?

नाही.

चर्चला जाताना? वाटेत?

नाही.

पोरांना झोपवताना?

पोरं नव्हती आम्हाला, ब्रदर आयसम. विसरलात का?

तो विसरला होता. त्याने माफी मागितली. मग विचारलं, बागेत काम करताना, बंदूक साफ करताना, कधीच काही गुणगुणला नाही का? व्हर्नीसने विचार केला. प्रामाणिकपणे केला, वेळ लावून. मग म्हणाली की घरी तो बोलायचासुद्धा मोजकं. बुधवारी न्हाणीघरातून शिकून यायचा आणि जेवायला बसायचा. ताकात मक्याची भाकर कुस्करून खायचा. विचारलं, आज काय शिकलास, तर म्हणायचा, मधलं. तिने त्याला फक्त चौघांत ऐकलं होतं, आणि चौघांत तो कुठे आहे ते तिला कधीच सापडलं नव्हतं.

"तुम्ही सांगा ना," ती म्हणाली. "तुम्ही तर त्याला खेटून उभे असायचा. कसा होता त्याचा आवाज?"

आयसमने आठवायला सुरुवात केली.

एल्बर्टचे बूट. डाव्या बुटाला तारेने शिवलेलं.
सांधेदुखीच्या तेलाचा वास.
कोपर. गाणं सुरू व्हायच्या आधी तो कोपराने किंचित टोचायचा, ही खूण.
मानेवर भाजल्याचा डाग.
कुठल्याशा स्पर्धेत जिंकल्यावर सगळे ओरडत असताना एल्बर्ट वाकून बुटाची नाडी बांधत होता.
आवाज.

चोवीस वर्षं. एक वीत अंतरावर. कानात बोट.

"गोड होता," आयसम म्हणाला.

व्हर्नीस हसली. "सगळे असंच म्हणतात. कोणाला आठवत नाही."

आत भाचीने नळ सोडला, बंद केला. व्हर्नीस म्हणाली की एकदाच, फार आजारी असताना, एल्बर्ट तिला गाण्याबद्दल बोलला होता. मधलं सगळ्यात कठीण, म्हणाला. आहेस तोवर कोणाला कळत नाही, पण थांबलास की छप्पर खाली येतं.

"तो गेल्यावर तुम्ही तिघं गायलात ना," तिने विचारलं. "मी रडत होते, मला काही कळलं नाही. आलं का खाली?"

त्या दिवशी अंत्यविधीनंतर चर्चच्या पायऱ्यांवर एका बाईने तिघांचे हात हातात घेतले होते. आज चौघंही काय सुंदर गायलात, असं ती म्हणाली होती. जूनियसने तिचे आभार मानले होते.

आयसम खोटं एकदा बोलून चुकला होता. दुसऱ्यांदा जमलं नाही.

"नाही आलं," तो म्हणाला.

व्हर्नीसने मान हलवली. नाही म्हटल्यासारखी नाही, ऐकल्यासारखी. मग तिने भाचीला हाक मारून सांगितलं की पाहुण्यांना काहीतरी प्यायला दे.

शनिवार

क्लॉडीनच्या बैठकीत पियानो होता, त्यावर जूनियसचा फोटो होता आणि फोटोशेजारी कॅसेटचं यंत्र. ओझेला टोपी घालून आली होती, चर्चची टोपी, आणि ती काढायला तयार नव्हती. आयसमने बुधवारचं सांगून टाकलं. मधलं नाही. कुठेच नाही.

क्लॉडीनने ते मनावर घेतलं. ती काम जाणणारी बाई होती. तिने एका कागदावर पहिली ओळ मांडली, ज्याचं त्याचं त्याच्या नावापुढे:

वरचा: पूल नाही, ऊ, पूल नाही
पुढचा: नदीला पूल नाही, प्रभू, मी काठाशी उभा
मधला:
खालचा: डूम. डूम डूम. नाही. डूम.

मग ती म्हणाली की ही जागा भरता येते. वर हा स्वर आहे, पुढे हा, खाली हा. मध्ये काय बसेल ते कोणीही शिकलेला माणूस सांगू शकतो. तिघांनी पहिली ओळ म्हटली आणि तिने पियानोवर मध्ये एक स्वर दिला. बसला. छान बसला. ओझेलाच्या अंगावर काटा आला.

"हेच होतं?" क्लॉडीनने विचारलं.

आयसमला माहीत नव्हतं. तिने दुसरा दिला. तोही बसला. तिसरा दिला, तो थोडा दुखरा होता, पण तोही बसला, उलट जास्त. चौथाही. ती एकेक स्वर दाबत गेली आणि दर वेळी मान वर करून त्याच्याकडे बघत राहिली, जसं चष्म्याच्या दुकानात भिंगं बदलून विचारतात, आता? आता? आयसम प्रत्येक स्वराशी एल्बर्टला उभा करून बघत होता. बूट उभे राहत होते. कोपर उभं राहत होतं. चारही एल्बर्ट खरे वाटत होते, म्हणजे एकही नव्हता.

शेवटी तोच म्हणाला, मधलं सोडून द्या. दोन जागा मोकळ्या ठेवू. वरचं आणि पुढचं तेवढं गा. मी गप्प बसतो, त्या दिवशी बसणारच आहे.

तो खुर्चीत मागे टेकला. दोघी गायल्या. पहिली ओळ नीट गेली. दुसऱ्या ओळीला ओझेला चढायला लागली आणि अर्ध्यावर कुठेतरी सुटली, खाली आली, क्लॉडीनच्या स्वरावर आपटली. पुन्हा केलं. पुन्हा तिथेच. तिसऱ्यांदा ती त्या जागेच्या आधीच थांबली.

"खाली काही नसलं तर मी उभी कशावर राहू?" ती आयसमकडे बघून म्हणाली. जवळजवळ रागाने. "सोमवारी तू होतास."

क्लॉडीनने पियानोवर खालचा आवाज देऊन बघितला. ओझेला म्हणाली, हे वाजतंय, गात नाही. आयसमने एकदा खालून साथ दिली. ती सरळ चढून गेली, टोपीसकट. त्याने थांबवलं की पडली. तेव्हा तिघांनाही नीट कळलं. आयसम असेल तर गाणं उभं राहतं. तो असेल तर ते गायचं कारण नाही.

कॅसेटची कल्पना क्लॉडीनची. खालचा आवाज आता भरून घेऊ, ती म्हणाली, आणि त्या दिवशी हलक्याने लावू, लोकांना ऐकू जाणार नाही, फक्त मिस ओझेलाला. आयसमने नियम सांगितला. क्लॉडीन म्हणाली, तुम्ही आज मेलेले नाही आहात ना? मग आज गायला काय हरकत आहे? यात खोट कुठे आहे ते आयसमला चटकन सापडेना, आणि खरं सांगायचं तर त्याला शोधायचीही नव्हती. तो उभा राहिला. दोन्ही हात मागे बांधले. पाय जुळवले.

क्लॉडीनने बटण दाबलं. यंत्राची छोटी चाकं फिरायला लागली.

पहिली ओळ त्याने गायली. एकट्या खालच्या आवाजात गाणं असं काही नसतं. नुसतं काहीतरी जड एका जागेवरून दुसऱ्या जागेवर ठेवल्यासारखं. दुसऱ्या ओळीला तो सगळ्यात खालच्या स्वरावर उतरला. तो स्वर आठ ठोके धरायचा होता. तीन ठोक्यांवर श्वास संपला. खोकला नाही, काही नाही. तोंड उघडं होतं, मान नीट होती, पाय जुळलेले होते, आणि आवाज नव्हता. चाकं फिरत राहिली. ओझेलाने खुर्चीचा हात पकडला. खूप वेळाने क्लॉडीनने बटण बंद केलं.

तो म्हणाला, पुन्हा. तिने कॅसेट मागे घेतली. या वेळी दोन ठोके.

पुन्हा म्हणायला त्याने तोंड उघडलं आणि मग तसाच खाली बसला.  ओझेला स्वयंपाकघरात जाऊन पाणी घेऊन आली. तो प्यायला. ग्लास रिकामा झाल्यावर तिने तो त्याच्या हातातून काढून घेतला आणि स्वतःच्या हातात धरून उभी राहिली.

मग क्लॉडीनने सांगायचं ते सांगितलं, न लपवता, कारण तिला त्याच्याशी लपवाछपवी करायची नव्हती. अंत्यविधीचा कागद छापून येतो. त्यात गायकवृंदाच्या दोन गाण्यांची जागा असते. पाळक तिसरं घेऊ देत नाहीत, लोकांना दफनभूमीत पोचायचं असतं. ती दोन त्यांनी आत्ताच निवडून ठेवावीत. वृंद मनापासून गाईल. चाळीस माणसं. ती स्वतः पुढे उभी राहील.

आयसमने विचारलं, तुमच्या वृंदात आवाज किती?

"तीन."

"कुठले तीन?"

"बायकांचे दोन, वरचा आणि खालचा. पुरुषांचा एक, उंच. तुमचा खर्जातला नसतो, अंकल. कोणाच्याच वृंदात नसतो आता. ते काम ऑर्गनवाला पायाने खालच्या पट्ट्या दाबून करतो."

आयसम हिशेब लावत राहिला. त्याच्या दिवशी खालचा आवाज नसेल. त्याच्या आदल्या दिवशी ज्याचं दफन होईल त्याच्या वेळीही नसेल, नंतरच्या रविवारी लग्न असेल तेव्हाही नसेल.

"मग कोणाला कळणार नाही," तो म्हणाला.

"काय कळणार नाही?"

"काही नाही. तू निवड. तुला येतं ते निवड."

क्लॉडीनने पेन्सिल घेतली. मघाच्या कागदाच्या मागच्या बाजूला तिने दोन गाण्यांची नावं लिहिली आणि ती त्याला वाचून दाखवली. दुसरं जरा लांब आहे, ती म्हणाली, पण शेवटचं कडवं गाळता येतं. आयसम म्हणाला, गाळा.